आसेनरावांची शिडी

चोरीचा माल बघितला नागपुरात, खपवला मुंबईत आणि कबुली द्यायला मी निघाले कार्डिफला. मध्ये चाळीसेक वर्षं गेली. एवढ्या काळात माणसं काशी-रामेश्वर करून पापं धुऊन येतात. मी मात्र मालिका लिहीत बसले.

माझी मुलगी गौरी क्रॉयडनला राहते. हे लंडनच्या दक्षिणेचं गाव. उंच काचेची ऑफिसं, त्यांच्यामधून घंटी वाजवत जाणाऱ्या ट्राम, आणि स्टेशनवर सदैव धावत सुटलेली माणसं. तिच्याकडे दोन महिन्यांसाठी आले होते. परत जायला आठ दिवस उरले तेव्हा तिला सांगितलं, मला कार्डिफला जायचंय.

"कार्डिफ? आई, मध्येच काय हे? मी फ्रायडेला ऑफ घेते, आपण कारने जाऊ."

"नको. मला एका लेखकाला भेटायचंय. कामाचं आहे."

"तू रिटायर होऊन चार वर्षं झाली."

तिला खरं सांगायची हिंमत झाली नाही. चौथीत असताना तिने शेजारच्या मुलीच्या वहीतून निबंध उतरवला होता, तेव्हा मी तिला पाऊण तास प्रामाणिकपणावर भाषण दिलं होतं. ते बहुधा तिच्या लक्षात असावं.

तुम्हाला मात्र सांगून टाकते. कॉलेजात असताना मी नागपुरातल्या एका फिल्म सोसायटीची सभासद होते. कुठल्या कुठल्या वकिलातींकडून आलेली रिळं आम्ही एका शाळेच्या हॉलमध्ये लाकडी बाकांवर बसून बघत असू. एकदा एक बल्गेरियन चित्रपट आला. डोंगरातलं गाव, आणि जिच्या नवऱ्याला सरकारने उचलून नेलंय अशी एक बाई. शेवटाकडे नातेवाइकांच्या जेवणात ती नवऱ्याच्या रिकाम्या खुर्चीपुढे ताट वाढते, खुर्चीशी भांडते, खुर्चीला पळीने बडवते आणि "तुला नको ना, मग मी खाते" म्हणून त्याच्या वाट्याचं स्वतः जेवते. हॉलमधल्या तीस माणसांपैकी वीस तोवर डुलक्या घेत होती. मी रडत होते.

पुढे मुंबईत मालिका लिहायला लागले. एका मालिकेचे प्रेक्षक ओसरू लागले, चॅनलवाले म्हणाले, काहीतरी मोठं द्या. मी खुर्चीचा पाट केला, बल्गेरियन बाईची माई केली आणि तो प्रसंग तीन भाग चालवला. घराघरांत बायका रडल्या. मला बक्षीस मिळालं. भाजीवाली म्हणाली, "बाई, तो पाट!" आणि तिने मूठभर गवार वर घातली. श्रेयनामावलीत कथा, पटकथा, संवाद, तिन्ही ठिकाणी माझंच नाव होतं. बल्गेरियन सिनेमा बघायला आपली माणसं कशाला जातायत, या भरवशावर मी निवांत होते.

हा निवांतपणा मानसीने घालवला. मानसी माझ्या मैत्रिणीची मुलगी. जन्म कार्डिफचा, तिथल्याच सरकारी इस्पितळात फिजिओथेरपिस्ट आहे. मी क्रॉयडनला आल्याचं कळल्यावर तिने व्हिडिओ कॉल केला. बोलता बोलता म्हणाली, "मावशी, माझी कलीग आहे ना, वेसेला, नर्स आहे, तिचा डॅड पण तुमच्यासारखा रायटर होता, बल्गेरियामध्ये. एटी-फोर आहेत. त्यांची एक फेमस सीन आहे, एक लेडी खुर्चीबरोबर भांडते. सो फनी, ना?"

"खूपच," मी म्हणाले आणि गॅसवर काहीतरी आहे असं सांगून फोन ठेवला. गॅसवर काही नव्हतं. गौरीकडे गॅसच नाही.

तीन रात्री नीट झोप लागली नाही. इतकी वर्षं तो लेखक म्हणजे पडद्यावरचं एक न वाचता येणारं नाव होतं. आता त्याला मुलगी होती, वय होतं आणि माझ्यापासून तीन तासांच्या अंतरावर पत्ता होता. आत्ता गेले नाही तर हे ओझं घेऊन मुंबईला जायचं, आणि चौऱ्याऐंशी वर्षांचा माणूस आपल्या पुढच्या फेरीपर्यंत थांबेलच असं नाही. मी मानसीला कळवलं की एका लेखकाला दुसऱ्या लेखकाला भेटायचं आहे.

लंडनच्या पॅडिंग्टन स्टेशनवर गाडी कुठल्या फलाटावरून सुटणार हे शेवटच्या काही मिनिटांपर्यंत गुपित ठेवतात. शेकडो माणसं माना वर करून फळ्याकडे बघत उभी असतात आणि आकडा उमटला की सभ्यता सोडून पळतात. मीही पळाले, दुखऱ्या गुडघ्यासकट. जागा मिळाली. गाडीने वेग घेतल्यावर कबुलीजबाब पाठ करायला घेतला. संवादलेखिकेची खोड अशी की ओळ ओठांवर बसल्याशिवाय समाधान होत नाही. "सर, आय ॲम अ थीफ," मी म्हणून बघितलं. फार नाटकी वाटलं. जरा खालच्या पट्टीत म्हटलं, "सर, आय ॲम अ थीफ." समोरच्या बाईंनी बाकावरची पर्स उचलून मांडीवर घेतली. मग खिडकीवरच्या चिकटपट्टीकडे बोट दाखवलं. तो शांतता पाळायचा डबा होता. उरलेला प्रवास मी ओठ मिटून आणि त्यांनी पर्स धरून केला.

सेव्हर्न नदीखालच्या लांबलचक बोगद्यातून गाडी बाहेर येते ती वेल्समध्ये. पाट्यांवर एकदम दोन भाषा दिसायला लागतात. कार्डिफ स्टेशनावर 'कायरडीथ' (कार्डिफचं वेल्श नाव) दिमाखात लिहिलेलं होतं. मानसी घ्यायला आली होती. तिच्या गाडीतून जाताना रस्त्यावर रंगवलेल्या मोठ्या अक्षरांविषयी विचारलं. "अराव (हळू)," ती म्हणाली. "म्हणजे स्लो. आम्ही शाळेत शिकला होता वेल्श. मराठीपेक्षा इझी आहे." मी तिला माफ केलं. माफीच्या बाबतीत त्या दिवशी मी फार उदार होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी अकराला आम्ही स्प्लॉट नावाच्या भागात पोचलो. एकाला एक चिकटलेल्या घरांची लांब ओळ, पुढे रस्ता, मागे अरुंद बोळ. दार उघडलं ते कोट-टाय घातलेल्या एका उंच, किंचित वाकलेल्या गृहस्थांनी. भुवया इतक्या दाट की त्यांना वेगळा कंगवा लागत असावा. त्यांनी माझा हात उचलून त्यावर ओठ टेकले. माझ्या दुसऱ्या हातात चिवड्याचा डबा होता, म्हणून निदान घाबरून नमस्कार तरी झाला नाही.

"कोलेश्के (सहकारी बाई)," ते म्हणाले, "या. माझ्या घरात लेखक येऊन नऊ वर्षं झाली."

मी त्यांना मनातल्या मनात आसेनराव म्हणायला लागले. नाव आसेन, आणि त्या टायला 'राव' शोभत होता. त्यांचं इंग्रजी तोडकंमोडकं, माझं पुस्तकी. आमचं बोलणं मी इथे मराठीत देते, म्हणजे दोघांचीही लाज राहील.

त्यांनी आधी परसातले टोमॅटो दाखवले, मग द्राक्षाचा वेल, मग पुन्हा टोमॅटो. वेसेला ड्यूटीवर होती, म्हणून जेवण त्यांनी स्वतः केलं होतं. बानित्सा (पातळ पापुद्र्यांत चीज भरून भाजलेली वडी) आणि तारातोर (दही, काकडी, लसूण, अक्रोड घातलेलं गार सार). तारातोर म्हणजे आपली काकडीची कोशिंबीर, पाहुणे वाढल्यावर पाणी घालून वाढवलेली. पण चव सुरेख होती आणि मी दोन वाट्या घेतल्या.

जेवता जेवता त्यांनी आयुष्य सांगितलं. डोंगरातल्या खेड्यातून राजधानीत आले, सिनेमा शिकले, सरकारी स्टुडिओत पटकथालेखक म्हणून महिन्याच्या पगारावर लागले. सात पटकथांचे चित्रपट झाले, बारा कपाटात राहिल्या. प्रत्येक संहिता अकरा जणांच्या समितीपुढे जायची आणि समितीतल्या नऊ जणांना सिनेमात झोप लागायची. पुढे राजवट गेली. समिती गेली याचा आनंद करेपर्यंत स्टुडिओही गेला. मग दहा वर्षं परदेशी कौटुंबिक मालिकांचे संवाद बल्गेरियनमध्ये उतरवले. "एका मालिकेत एकच बाई तीनदा मेली," ते म्हणाले. "तिसऱ्यांदा मी सुटी मागितली." बायको गेल्यावर वेसेला त्यांना इकडे घेऊन आली. आता ते टोमॅटो लावतात आणि शेजारणीला न विचारता सल्ले देतात.

मी प्रत्येक घासाला ठरवत होते की आता सांगायचं, आणि प्रत्येक घासाला दुसरंच काही विचारत होते. कुत्रा पाळलाय का, हेसुद्धा विचारलं. एवढ्यात ते म्हणाले, "दही जगाला आम्ही दिलं. हे लक्षात ठेवा."

हे ऐकून कुठली मराठी बाई गप्प बसेल? "तुम्ही?" मी म्हणाले. "आमच्याकडे देवसुद्धा लहानपणी दही-लोणी चोरून खायचा!"

"देव चोर होता?"

"हो."

"मग माणसांचं काय विचारायचं!"

आता मागे फिरायला जागा नव्हती. "माणसंही चोर असतात," मी म्हणाले. "मी आहे. मी तुमचा प्रसंग चोरलाय. खुर्चीचा. माझ्या नावावर वापरला, बक्षीस घेतलं आणि आजपर्यंत कुणाला सांगितलं नाही. मी माफी मागायला आलेय."

मानसीचा चमचा वाटीत पडला. आसेनरावांनी आपला चमचा हळूच खाली ठेवला.

"दाखवा," ते म्हणाले.

मानसीने टॅबलेटवर तो भाग शोधला. कुणीतरी हौशीने चढवून ठेवला होता. अकरा मिनिटं आसेनरावांनी तो भुवया एकत्र करून बघितला. माई पाटाशी भांडायला लागली, विजा कडाडल्या, घरातल्या सतरा माणसांच्या चेहऱ्यांवर कॅमेरा तीन तीनदा आपटला.

"हे लोक घरातच आहेत ना?"

"हो."

"मग वीज?"

"चॅनलला आवडते," मी जमिनीकडे बघत म्हणाले.

संपल्यावर ते म्हणाले, "वाईट."

"चोरी वाईटच असते."

"चोरी नाही. प्रसंग. माझाही वाईटच होता. तुम्ही फक्त विजा घातल्यात." त्यांनी खुर्ची माझ्याकडे ओढली. "आग्ने म्हणजे काय माहीत आहे? कोकरू. प्रत्येक संहितेत आम्ही एक कोकरू पाळायचो, कापण्यासाठी. समितीने काही कापलं नाही तर समितीला पगार कशाचा? म्हणून मुद्दाम डोळ्यांत खुपेल असं काही घालायचं. रडारड, देवधर्म, मेलेल्याला जेवण. समिती ते कापते, खूश होऊन घरी जाते आणि तुमचा खरा प्रसंग वाचतो."

"हेलिकॉप्टर!" मी ओरडले.

दोघंही माझ्याकडे बघायला लागले. मग मी माझं गुपित सांगितलं. प्रत्येक भागात मी लिहायचे, 'नायक हेलिकॉप्टरमधून उतरतो.' निर्माता किंचाळून ते कापायचा, दोन पैसे वाचवल्याच्या आनंदात राहायचा आणि बाकीच्या पानांना हात लावायचा नाही. आमच्याकडे याला बळीचा बकरा म्हणतात. आसेनराव हसायला लागले, मी हसायला लागले. शेवटी मानसीने दोघांना पाणी आणून दिलं आणि आसेनरावांची नाडी बघितली.

"मग कोकरू वाचलं कसं?" मी विचारलं.

"समितीच्या अध्यक्षाची आई नुकतीच गेली होती. तो रडला. अध्यक्ष रडला म्हणून बाकीचे दहा रडले, झोपलेलेसुद्धा उठून रडले. कोकरू राहिलं आणि त्यांनी माझा खरा प्रसंग कापला. 'यात काहीच घडत नाही,' म्हणाले." त्यांचं हसू आता गेलं होतं. "तेव्हापासून माणसं माझा हात हातात घेऊन त्या खुर्चीबद्दल बोलतात. बायकोच्या अंत्ययात्रेतसुद्धा एक जण बोलला. आणि आज तुम्ही जगाच्या दुसऱ्या टोकाहून आलात, चोर म्हणून आलात, आणि चोरलंत काय? कोकरू! चोराला नजर पाहिजे, कोलेश्के."

माझ्या चोरीचा असा अपमान आजवर कुणी केला नव्हता. गंमत बाजूला ठेवून सांगते, मला फार वाईट वाटलं. रागावले असते तर बरं, असं वाटत होतं. पण या माणसाला त्याच्या आयुष्यभरात ज्याची दाद हवी होती, ते कुणी बघितलंच नव्हतं, आणि न बघणाऱ्यांच्या रांगेत मीही होते.

"खरा प्रसंग कोणता?" मी विचारलं.

ते उठले आणि परसात गेले. द्राक्षाच्या वेलाला टेकवलेली लांब ॲल्युमिनियमची शिडी त्यांनी आडवी केली.

"पुढचं टोक धरा."

"मावशी, नको हं!" मानसी म्हणाली. "तुमची गुडघा!"

"माझ्या वडिलांना नेलं ते शेजाऱ्याने कळवल्यामुळे," आसेनराव म्हणाले. ते आता माझ्याशीच बोलत होते. "पंधरा दिवसांनी तोच शेजारी आमच्या दारात आला. त्याला छपराची कौलं बदलायची होती आणि गावात लांब शिडी एकच, आमची. कुणी कळवलं ते आईला माहीत होतं. आईला माहीत आहे, हे त्यालाही माहीत होतं. आईने शिडी काढून दिली. पण ती एकट्याने नेण्यासारखी नव्हती." त्यांनी मागचं टोक उचललं. "तो पुढे होता, आई मागे. तुम्ही शेजारी. मी आई. चला."

मागच्या दारातून आम्ही बोळात आलो. दोन्ही बाजूंना कचऱ्याचे चाकवाले डबे, वर कुणाचे तरी वाळत घातलेले कपडे. मी पुढे चालत होते आणि मला ते दिसत नव्हते. फक्त त्यांच्या सपाता ऐकू येत होत्या. त्यांनी पाऊल आखडलं की माझ्या तळहातांना कळत होतं. मागच्या माणसाने नुसता एक धक्का दिला असता तर मी तोंडावर पडले असते. मागे वळून काही बोलायची सोय नव्हती, कारण वळले की शिडी वळते.

"थांबा," ते म्हणाले. कोपरा आला होता. "डावीकडे. हळू."

मी वळले. ते वळले. माझ्या गालांवरून पाणी वाहायला लागलं आणि पुसायला हात मोकळा नव्हता. मला पुढचं टोक का दिलंय ते आता समजलं होतं.

एका दारातून एक बाई बाहेर आली. "ऑल राइट, लव्ह? वाँट अ हँड?"

"नो, थँक यू," मागून आसेनराव म्हणाले. "वी आर वर्किंग."

दुसरा कोपरा. "थांबा. डावीकडे." आणि मग रस्ता, त्यांच्याच घराचं पुढचं दार. आम्ही शिडी भिंतीला टेकवली. त्यांना दम लागला होता. मानसी आतून धावत येऊन दार उघडून उभी होती.

"पुढे?" मी विचारलं.

"पुढे आई म्हणाली, 'काम झालं की आणून द्या,' आणि घरी गेली. प्रसंग संपला."

"त्याने आणून दिली?"

"परत आणायलाही दोघं लागतात, कोलेश्के."

मी रस्त्यावरच त्यांच्या घराच्या पायरीवर बसले आणि रडून घेतलं. लपवावंसं वाटलं नाही. आसेनराव शेजारी उभे राहून शिडीवरची माती रुमालाने पुसत होते. माफ केलं असं ते म्हणाले नाहीत आणि मीही पुन्हा विचारलं नाही.

निघताना त्यांनी टोमॅटोंची पिशवी दिली. "आता हा शिडीचा प्रसंग चोरा," ते म्हणाले.

"मी रिटायर आहे."

"मीही."

"पण तुमचं नाव..."

"चोर कधी मालकाचं नाव घालतो का? माझं नाव त्या खुर्चीखाली गाडलंय, राहू दे तिथेच. लोकांनी शिडी बघितली म्हणजे झालं."

येताना मी गाडीत गप्प बसले. क्रॉयडनला गौरीला सगळं सांगितलं. ती इतकी हसली की मला राग आला. मग तिने एकदम माझा हात धरला आणि म्हणाली, "लिही ना आई." मी तिच्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर बसून दोन दिवसांत तो प्रसंग लिहिला. मुंबईत परतल्यावर एका चॅनलमधल्या हुशार मुलीला वाचून दाखवला. तिने मनापासून ऐकलं आणि म्हणाली, "मॅम, छान आहे. पण यात घडत काहीच नाही ना." मी तिला हेलिकॉप्टर देऊ केलं. तिलाही ते परवडणारं नव्हतं.

तेव्हा कुठल्याच पडद्यावर न जाता तो इथे आलाय, प्रवासवर्णनाच्या पिशवीत घालून. वाचलात, म्हणजे तुम्ही शिडी बघितलीत. आसेनरावांनी ती चोरायला सांगितली होती, तसं पक्कं ठरवूनच लिहायला बसले होते. पण या वयात चोरीही धड जमत नाही. शिडीचा प्रसंग: लेखक, आसेन.